एका रिमोटवर दोघं

शुक्रवार, ७ मार्च

दादाची वाचा परत येईल की नाही, हे निदान सहा आठवडे सांगता येणार नाही. न्यूरॉलॉजिस्टनी आज सकाळी साडेदहाला तसं सांगितलं. समोर वहिनी होती आणि मी होतो. अर्धांगाच्या झटक्यात उजवा हात गेला आहे. उजव्या पायात थोडी ताकद आहे. आपण बोललेलं त्याला समजतं. त्याला बोलायचं असलं की शब्द येत नाहीत. 'शब्द आत आहेत, बाहेर यायची वाट बुजलीय,' असं डॉक्टर म्हणाले. हे वाक्य ते रोज कुणाला तरी म्हणत असणार.

मंगळवारी त्याच्या चष्म्याच्या दुकानाला सुट्टी. घरात एकटा होता. वहिनी नऊला शाळेत शिकवायला गेली तेव्हा ठणठणीत. 'डबा विसरलीस' म्हणून जिन्यापर्यंत मागे आला होता. ती अडीचला परतली तेव्हा स्वयंपाकघराच्या दारात पडलेला. फोन अंगाखाली, चक्काचूर.

डॉक्टरांनी आज पुन्हा विचारलं, 'नऊ ते अडीच. मध्ये कुणाशी बोलले होते का? आता उपचारात फरक पडणार नाही. फाइलसाठी विचारतोय.'

वहिनीनं माझ्याकडे पाहिलं. मी शेजारी होतो म्हणून, सहज.

मी म्हटलं, 'कल्पना नाही.'

कल्पना आहे. अकरा वीसला तो माझ्याशी बोलला होता.

शनिवार, ८ मार्च

क्रमानं लिहितो. बातमीत शेवट आधी येतो. इथे कुणाला घाई नाही.

सत्तावीस वर्षांपूर्वी दादानं फुटबॉलचा खेळ आणला. टीव्हीला जोडायचा करड्या रंगाचा डबा, दोन रिमोट आणि एक नक्कल केलेली सीडी. विकणारा म्हणाला, 'फुटबॉल चालेल ना? भाषा वेगळी आहे, पण गोल तो गोल.' कुठली भाषा ते त्यालाही माहीत नव्हतं, आम्हाला आजही नाही. पडद्यावरचं एक अक्षर वाचता यायचं नाही. वरून तिसरी ओळ दाबली की सामना सुरू, एवढं आम्ही शोधून काढलं.

दुकान दुपारी एक ते चार बंद असायचं. मागच्या खोलीत, काचा घासायच्या यंत्राशेजारी, आम्ही खेळायचो. हरेल त्यानं चारला शटर उघडायचं. खेळाडूंची नावं वाचता यायची नाहीत, म्हणून आम्ही आमची ठेवली. नऊ नंबरचा टक्कल. फाउल झाला की दोन्ही हात वर करून भांडणारा तो वकील. पंचाला मामा म्हणायचो.

आणि समालोचक. सामनाभर त्या भाषेत बडबडायचा. टीव्हीचा स्पीकर फाटलेला, तरी त्याची वाक्यं आम्हाला पाठ झाली. अर्थ आम्हीच लावले. गोलकीपरनं चेंडू धरला की 'पालान्त, पालान्त'. चेंडू खांबाला लागून बाहेर गेला की 'ओरेव्वा तिलामा'. पुढे तीच आमची बोली झाली. दूध उतू गेलं, ओरेव्वा तिलामा. बस चुकली, ओरेव्वा तिलामा. वहिनी लग्न होऊन आली तेव्हा महिनाभर तिला वाटत होतं, दोघं भाऊ परदेशी जायची तयारी करतायत. कळलं तेव्हा म्हणाली, 'दोन घोडे आहेत घरात. एकाशी लग्न लागलंय, दुसरा फुकट आला.'

डबा बंद पडून पंधरा वर्षं झाली. बोली राहिली. दादाचा फोन आला की तो कधी 'हॅलो' म्हणायचा नाही. आधी पाच-दहा सेकंद समालोचन. त्या दिवशी सुचेल ते, नवं-जुनं, वाटेल तशी अक्षरं. मग मी 'ओरेव्वा तिलामा' म्हणायचं. मग मुद्दा.

मंगळवारी अकरा वीसला मी क्रीडा पानावर होतो. आमचं सायंदैनिक, पान पावणेबाराला छपाईला सोडायचं असतं. फोन आला. दादा. पलीकडून बडबड.

मी हसलो. माझं वाक्य म्हटलं. तो पुन्हा काहीतरी बोलला. मी म्हटलं, पान सोडतोय, संध्याकाळी बघतो तुला. ठेवला.

शेजारच्या टेबलावरच्यानं विचारलं, 'कोण, थोरले?'

मी म्हटलं, 'हो. रिकामा आहे आज.'

रविवार, ९ मार्च

काल एक गोष्ट लिहिली नाही. माझ्या फोनवर प्रत्येक कॉल आपोआप रेकॉर्ड होतो. कामासाठी. छापून आल्यावर लोक म्हणतात, 'मी असं बोललोच नव्हतो.' म्हणून.

यादीत तो आहे. मंगळवार, ११.२०. एक्केचाळीस सेकंद.

ऐकलेला नाही.

प्रश्न एकच आहे. तेव्हा तो नेहमीसारखी चेष्टा करत होता, की झटका आला होता आणि मला सांगायचा प्रयत्न करत होता? चेष्टा असेल तर मी नुसता घाईतला भाऊ. चेष्टा नसेल तर अकरा वीसला मी वहिनीला फोन करायला हवा होता, आणि बारापर्यंत तो हॉस्पिटलमध्ये असता. पहिले साडेचार तास महत्त्वाचे, असं तिथल्या भिंतीवरच्या तक्त्यावर लिहिलंय. त्या तक्त्यासमोर मी तीन दिवस बसलो होतो.

सोमवार, १० मार्च

पान सहा मिनिटं उशिरा गेलं. एकोणीस वर्षांत पहिल्यांदा. छपाईवाल्यांनी खालून विचारलं, 'साहेब, कुणी मोठा खेळाडू गेला का?'

शुक्रवार, १४ मार्च

दादाला काल घरी आणलं. आज वाचा शिकवणाऱ्या बाई आल्या. तरुण आहेत, आवाज खणखणीत. चित्रं दाखवतात. दादाला दोन शब्द येतात. 'हो' आणि 'टेबल'. कपाचं चित्र, टेबल. झाडाचं चित्र, टेबल. चुकलं हे त्याला कळतं. चूक कळून तीच पुन्हा तोंडातून बाहेर पडताना त्याच्या चेहऱ्यावर जे येतं ते बघवत नाही.

बाईंनी वहिनीकडे बोट दाखवून विचारलं, 'या कोण?'

बराच वेळ गेला. 'टेबल,' दादा म्हणाला.

वहिनी म्हणाली, 'असू दे. चार पाय आहेतच मला या घरात.' आणि आत गेली. नळ सोडल्याचा आवाज आला. भांडी सगळी घासलेली होती.

बाईंनी मला विचारलं, 'काही पाठ होतं का त्यांना? पाढे, गाणी, काहीही. पाठ असलेलं वेगळ्या वाटेनं येतं कधी कधी.'

आतून वहिनी म्हणाली, 'चष्म्याचे नंबर. आणि त्या खेळाची बडबड. भाऊजी, तो डबा कुठाय?'

मी म्हटलं, शोधतो.

शोधणारच होतो. तिला वाटतं दादासाठी. मला ती सीडी हवी आहे ती पडताळायला. रेकॉर्डिंगमधली बडबड त्या समालोचकाशी जुळली तर मी सुटलो. बातमी दोन ठिकाणांहून पक्की करतो तसं.

मंगळवार, १८ मार्च

डबा दुकानाच्या माळ्यावर सापडला, फ्रेमच्या रिकाम्या खोक्यांमागे. दोन्ही रिमोटच्या वायरी दादानं नीट गुंडाळून रबर लावून ठेवलेल्या. रबर हात लावताच तुटले. सीडी त्यानं चष्मे पुसायच्या फडक्यात गुंडाळली होती.

दुरुस्तीवाल्यानं डबा उघडून फुंकर मारली. 'साहेब, याच्यापेक्षा नवा घ्या. यातल्या खेळाडूंना बोटंसुद्धा नाहीत. नव्यात घाम दिसतो घाम.'

'घाम नकोय. हाच खेळ हवाय.'

'आठवण आहे होय,' तो म्हणाला आणि झाकण बसवू लागला. 'सीडी वाचणारं भिंग दमलंय. पालथा ठेवून चालवा. पालथा घातला की वाचतो.'

शनिवार, २२ मार्च

घरी लावून पाहिला. डबा पालथा, दार बंद, मी एकटा.

चालला. आधी काळा पडदा, मग ती शिट्टी, मग मैदान. इतकं हिरवं मैदान कुठेच नसतं. प्रेक्षक म्हणजे रंगीत ठिपक्यांची पाटी, गोल झाला की सगळी पाटी एकदम वरखाली होते. खेळाडूंचे खांदे चौकोनी. पळताना सगळ्यांचा डावा पाय एकाच वेळी उचलतो. चेंडू पायाला लागत नाही, पायाजवळ राहतो. टक्कल तसाच आहे. वकिलानं पहिल्याच मिनिटाला हात वर केले.

मी टीव्हीसमोर जमिनीवर बसलो होतो. खुर्ची असून. गुडघे दुखायला लागल्यावर लक्षात आलं.

या खेळात मी दादाला किती वेळा हरवलं ते आठवत नाही. तो कसा हरायचा ते आठवतं. चेंडू घेऊन डावीकडूनच पळायचा, दर वेळी. मी तिथे उभा आहे हे दिसत असूनसुद्धा. 'अरे उजवीकडे मैदान रिकामं आहे,' मी सांगायचो. 'मला डावीकडूनच दिसतं,' म्हणायचा. मग चारला शटर उघडायला जाताना त्या रिकाम्या खोलीला उद्देशून समालोचन. बाहेर गिऱ्हाईक उभं असलं तरी. एकदा एक बाई घाबरून परत गेल्या होत्या. दुसऱ्या दिवशी चष्मा घ्यायला आल्या तेव्हा विचारत होत्या, 'कालचे ते परदेशी डॉक्टर नाहीत का आज?'

मी मुद्दाम खांबावर चेंडू मारत राहिलो. चाळीसेक वेळा मारला तेव्हा एकदा खांबाला लागला.

समालोचक 'ओरेव्वा तिलामा' म्हणत नाही. 'वोरे वाती, लामासो' असं काहीतरी म्हणतो, आणि शेवटी आवाज खाली नेतो. आम्ही वर न्यायचो. फाटक्या स्पीकरमधून ऐकलेलं. सत्तावीस वर्षं आम्ही चुकीचं बोलत होतो.

म्हणजे सीडी साक्षीला उपयोगाची नाही. ती भाषा फक्त आम्हा दोघांची होती. त्यातला एक बोलू शकत नाही.

रविवार, २३ मार्च

ऐकलं.

पहिली सहा सेकंदं नुसता श्वास. मागे नळ वाहतोय. सातव्या सेकंदाला दादा बोलू लागतो. त्यात सीडीतलं काही नाही, आमचंही काही नाही. जड, ओली, घसरणारी अक्षरं. चेष्टेत तो चढ्या आवाजात सुरू करायचा, शेवटी सूर ताणायचा. इथे सूर नाही. सोळाव्याला मी हसतो. मोकळं हसतो, मजेत. अठराव्याला मी म्हणतो, 'ओरेव्वा तिलामा.'

मग तो थांबतो. चार सेकंद काही नाही.

मग म्हणतो, 'बा.' पुन्हा, 'बा.' मग जोर लावून, 'बार.'

मला बारक्या म्हणणारा आता एकच माणूस आहे.

त्या 'बार'वर माझा आवाज चढतो. 'बास, बास. पान सोडतोय. संध्याकाळी बघतो तुला.' त्याचा श्वास ऐकू येतो. एक्केचाळिसाव्या सेकंदाला फोन बंद होतो. मी बंद केला.

मंगळवार, २५ मार्च

दोन दिवस गेलो नाही. वहिनीला सांगितलं, काम आहे. ती म्हणाली, 'असू दे हो. किती धावाल.'

शनिवार, २९ मार्च

डबा घेऊन गेलो. न जाण्याची कारणं संपली.

'हा असा पालथा का?' वहिनीनं विचारलं.

'वय झालंय. उताणा झोपला की धाप लागते.'

दादा हसला. चेहऱ्याच्या अर्ध्या बाजूनं, पण हसला. रिमोट दाखवल्यावर त्यानं डावा हात पुढे केला आणि उजव्याकडे पाहिलं. उजवा मांडीवर पडलेला, दुसऱ्याचा असल्यासारखा.

मग आम्ही दोघं एका रिमोटवर बसलो. मी त्याच्या उजवीकडे, अगदी खेटून. डाव्या अंगठ्यानं तो खेळाडू पळवणार, उजवीकडची बटणं मी दाबणार. पळणं त्याचं, लाथ माझी. समोर कॉम्प्युटर.

पाच गोलांनी हरलो. तो वळायच्या आत मी चेंडू मारत होतो. बारा वर्षं त्याच्याविरुद्ध खेळताना तो कधी वळणार हे मला आधी कळायचं. त्याच्या बाजूनं खेळायला बसलो आणि तेच कळेना. त्यानं कोपरानं मला ढोसलं. थांब, असं.

दुसऱ्या सामन्यात थांबलो. तो डावीकडूनच निघाला. मी बटणावरचं बोट उचलून धरलं. तो गेला, गेला, पार कोपऱ्यापर्यंत, आणि मग आत वळला. मी मारला. खांब.

'ओरेव्वा तिलामा,' दादा म्हणाला.

पूर्ण, स्वच्छ. शेवटी सूर वर.

वहिनी ओल्या हातानं बाहेर आली. 'काय म्हणाले?'

त्यानं पुन्हा म्हटलं. तिच्याकडे बघून. ती खाली बसली, हसायला लागली, मग पदर डोळ्यांना लावला. 'माझं नाव येत नाही. टेबल येतं आणि हे येतं.' मग त्यालाच म्हणाली, 'पंचवीस वर्षं संसार केला आणि शेवटी तो डबा जिंकला होय?'

दादा हसत होता. मी पडद्याकडे पाहत होतो. तो चेष्टेत कसं बोलतो ते मी समोर ऐकलं होतं, आणि चेष्टा नसते तेव्हा कसं बोलतो ते माझ्या खिशात होतं. कुणीही ओळखलं असतं. दुकानात आलेल्या त्या बाईंनीसुद्धा.

बुधवार, २ एप्रिल

बाईंना ते वाक्य म्हणजे लॉटरी वाटली. त्याच सुरात त्या दुसरे शब्द बसवतात. 'ओरेव्वा तिलामा' म्हणायचं, लगेच त्याच चालीत 'पाणी हवं मला'. दादा डाव्या हातानं गुडघ्यावर ठेका धरतो. आज 'पाणी' आलं. मग 'नको'. नको आल्यावर अर्धा तास सगळ्याला नको. औषधाला, बाईंना, मला.

रोज संध्याकाळी एक तास खेळतो. कालचा सामना बरोबरीत सुटला.

शनिवार, ५ एप्रिल

आज वहिनीचं नाव आलं. त्याच चालीत, गाण्यासारखं. तिनं 'ओ' दिली. जन्मभर दिली तशी, आतल्या खोलीतून, कामात असताना. मग हातातलं ठेवून आली आणि त्याच्याजवळ उभी राहिली.

मी निघालो तर जिन्यापर्यंत सोडायला आली. 'भाऊजी, तुम्ही होतात म्हणून. डॉक्टरांनी केलं नाही ते तुम्ही केलंत. मी जन्मभर विसरणार नाही.'

मी म्हटलं, 'डबा विसरलीस म्हणत दादा त्या दिवशी इथपर्यंतच आला होता ना.' का म्हटलं माहीत नाही. काहीतरी वेगळं बोलायचं होतं.

ती म्हणाली, 'हो. इथंच.'

सोमवार, ७ एप्रिल

आमच्याकडे चूक छापली गेली तर दुसऱ्या दिवशी दुरुस्ती देतात. आतल्या पानावर, तळाशी, बारीक अक्षरात. मी शेकडो दिल्या असतील. त्यातली एकही चौतीस दिवसांनी दिलेली नाही.

उद्या सांगणार.

मंगळवार, ८ एप्रिल

सांगितलं.

सामना सुरू करायच्या आधीच. टीव्ही बंद ठेवून. दोघं समोर होते. लांबण लावली नाही. त्या दिवशी अकरा वीसला दादाचा मला फोन आला होता, बोलणं नीट नव्हतं, मला आपली चेष्टा वाटली, मी हसून फोन ठेवला. डॉक्टरांनी विचारलं तेव्हा खोटं बोललो.

वहिनीनं विचारलं, 'किती वाजता म्हणालात?'

'अकरा वीस.'

'पावणेबाराला माझा तास रिकामा असतो. फोन हातातच होता.' मग, 'मैत्रिणीला पडद्याच्या कापडाचे फोटो पाठवत होते मी.'

'वहिनी –'

'नाही. थांबा.' तिनं हात वर केला. 'त्यांनी तुम्हाला फोन केला. मला नाही. तुम्हाला.'

माझा हात खिशातल्या फोनवर गेला.

दादा माझ्याकडे पाहत होता. सगळं समजत होतं. त्यानं डाव्या हाताचं बोट माझ्या खिशाकडे केलं. मी विचारलं, 'रेकॉर्डिंग?' रेकॉर्डिंग असल्याचं मी बोलण्यात सांगितलं होतं. 'हो,' तो म्हणाला. हा 'हो' खरा होता.

वहिनी म्हणाली, 'मला ऐकायचं नाही,' आणि उठली नाही.

लावलं. एक्केचाळीस सेकंद तिघं ऐकत बसलो. माझ्या हसण्याला दादानं डोळे मिटले. 'बा' आल्यावर त्याचे ओठ हलले. संपल्यावर त्यानं पुन्हा बोट केलं. मी पुन्हा लावलं. दुसऱ्या खेपेला तो माझा चेहरा बघत होता.

मग मांडीवरचा रिमोट उचलून त्यानं डब्यावर ठेवला. काठी घेतली, उठला. मी हात दिला. त्यानं घेतला नाही. आतल्या खोलीत गेला. दहा पावलं आहेत, बराच वेळ लागला.

'भाऊजी, आज घरी जा,' वहिनी म्हणाली.

'उद्या येऊ?'

'मी सांगेन.'

गुरुवार, १० एप्रिल

न्यूरॉलॉजिस्टकडे जाऊन वेळ दिली. फाइलमध्ये त्यांनी लिहून घेतली, सही केली. मी विचारलं, 'तेव्हा आणलं असतं तर?'

'नक्की कुणीच सांगणार नाही.'

'तुमचा अंदाज.'

त्यांनी पेन ठेवलं. 'शक्यता होती. चांगली होती.'

बाहेर आलो. तक्त्यासमोरच्या बाकावर एक कुटुंब बसलं होतं. तक्ता कुणी वाचत नव्हतं.

रविवार, १३ एप्रिल

वहिनीचा फोन नाही.

बुधवार, १६ एप्रिल

शेजारच्या टेबलावरच्यानं विचारलं, 'थोरले काय म्हणतात?'

काही म्हणत नाहीत, असं म्हणणार होतो. म्हटलं, 'बरे आहेत.'

सायंकाळचा तो तास आता कुठे घालावा कळत नाही. डबा तिकडेच राहिला. असता तरी एकट्यानं खेळता आलं नसतं. उजव्या बाजूचीच सवय झाली. काल चहाचा कप धरताना डावा अंगठा मोकळा ठेवला होता.

खेळ आठवतो असं मी इतकी वर्षं लोकांना सांगत आलो. 'आमच्या वेळचा तो फुटबॉल' म्हणून एकदा क्रीडा पानावर सदरही लिहिलं होतं, दादानं ते कापून दुकानात लावलं होतं. त्यात ग्राफिक्स होते, टक्कल होता, वकील होता. शेजारी बसलेल्या माणसाबद्दल फक्त 'माझा भाऊ' एवढंच.

शनिवार, १९ एप्रिल

नाही.

रविवार, २० एप्रिल

वहिनीचा फोन आला. बारा दिवसांनी. आवाज कोरडा. 'निरोप आहे, तेवढा सांगते.'

बाईंनी दादाला फोनवर बोलायचा सराव द्यायचं ठरवलंय. कुणाशी बोलायचं म्हणून त्याच्यापुढे नावांची यादी धरली. त्यानं माझ्या नावावर बोट ठेवलं. वहिनीनं विचारलं, नक्की? त्यानं पुन्हा तिथंच ठेवलं. काय बोलणार ते कुणाला सांगत नाही. चार दिवस आतल्या खोलीत दार लोटून एकटाच म्हणत बसतो. तिला दाराबाहेरून चाल ऐकू येत नाही. नुसते शब्द अडखळताना ऐकू येतात.

'शिव्या असतील,' मी म्हटलं.

'असतील,' ती म्हणाली. 'मी असते तर दिल्या असत्या.' मग, 'उद्या सकाळी अकरानंतर करणार म्हणतात. मी सांगितलं, तेव्हा भाऊजींची घाई असते. ऐकत नाहीत. वेळ लागेल त्यांना. मध्ये थांबतील. तुम्ही बोलायचं नाही. वाक्य पुरं करून द्यायचं नाही. ठेवतील ते, मग ठेवायचा.'

उद्याचं पान शेजारचा सोडेल. त्याला आत्ताच कळवलं.

उद्या अकरानंतर फोन येईल. मी उचलेन आणि गप्प राहीन.